एका शिवाराचं पाणी आणि गुंता वाचायची रीत

१२ एप्रिल २०१६ च्या पहाटे मिरजेहून निघालेली पाण्याची रेल्वे लातूरला पोचली. दहा वाघिणी, एकेकीत साधारण ५० हजार लिटर, म्हणजे सगळं मिळून पाच लाख लिटर. पुढे हीच गाडी ५० वाघिणींची झाली आणि एका खेपेला २५ लाख लिटर आणू लागली. त्या उन्हाळ्यात कारण विचारलं की ज्याच्या त्याच्याकडे उत्तर तयार असायचं. पाऊस पडला नाही. उसानं पाणी पिलं. मांजरा धरण आटलं. बोअर फार झाले. नियोजन चुकलं. यातलं एकही उत्तर खोटं नव्हतं. पण पाऊस, ऊस, धरण, बोअर आणि नियोजन एकमेकांना कसे ओढतात हे मांडल्याशिवाय त्या उत्तरांचा पुढच्या दुष्काळात काही उपयोग होत नाही.

जोडण्या वाचायच्या या रीतीला 'सिस्टिम्स थिंकिंग' म्हणतात. मराठीत प्रणाली-विचार. ती मोटारीच्या इंजिनालाही लागू पडते आणि बाजारभावालाही. १९५० च्या दशकात अमेरिकेतल्या एमआयटीमध्ये जे फॉरेस्टर यांनी तिला गणिताचं रूप दिलं. जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या केंटकीतल्या कारखान्यात कामगार कधी कमी पडत, कधी निम्मे बसून राहत. कंपनी मंदी-तेजीला दोष देत होती. फॉरेस्टर यांनी भरतीचे आणि मालसाठ्याचे नियम कागदावर उतरवले आणि हातानं हिशोब केला. बाहेरची मागणी स्थिर धरली तरी हा चढउतार कंपनीच्या स्वतःच्या नियमांतूनच होत होता, असं निघालं. 'हे कुणामुळे झालं?' याच्या आधी 'कोणत्या घडणीत हे पुन्हा पुन्हा होतं?' असं विचारायची सवय तिथून आली.

मराठवाड्यात ही रीत शिकायला शिवाराच्या पाण्याइतकं चांगलं उदाहरण नाही, कारण त्याचे सगळे भाग हाताशी आहेत आणि बहुतेक मोजताही येतात.

साठा, आवक, जावक

पहिली गोष्ट साठा. इथला बहुतेक मुलूख बेसाल्टवर बसलेला आहे. वर काळी माती, खाली मुरूम, मग भेगाळ खडक, मग घट्ट काळा पाषाण, आणि पुन्हा तसाच थर. पाणी राहतं ते मुरमात आणि भेगांत. अशा १०० लिटर आकारमानाच्या खडकातून जेमतेम एक ते तीन लिटर पाणी निघतं. वाळूच्या गाळात हाच आकडा दहाच्या पुढे जातो. म्हणजे आपली टाकी मोठी दिसते, पण तिच्यात मावतं थोडं. ती लवकर भरते आणि लवकर रिकामी होते.

हे जवळून बघू. एक हेक्टर म्हणजे १० हजार चौरस मीटर. त्याखालची पाणीपातळी पाच मीटर उतरली तर ५० हजार घनमीटर खडक कोरडा झाला. दोन टक्के धरले तर त्यातून निघालेलं पाणी १,००० घनमीटर, म्हणजे दहा लाख लिटर. पाच एचपीची मोटर उथळ विहिरीतून ताशी साधारण २० हजार लिटर उपसते. दहा लाख लिटरला ५० तास लागतात. रोज आठ तास लाईट धरली तर सव्वासहा दिवस. विहीर सव्वासहा दिवसांत कोरडी पडत नाही, कारण चारी बाजूंनी पाणी झिरपत येतं. पण ते झिरपून येणारं पाणी शेजाऱ्याच्या विहिरीखालचंच असतं. सात-बारा वेगवेगळे असले तरी खालचा साठा सामाईक आहे, आणि पुढचा सगळा गुंता इथूनच निघतो.

आता आवक. एक हजार हेक्टरचं शिवार आणि ७०० मिलिमीटर पाऊस धरा. एका हेक्टरवर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे १० हजार लिटर, त्यामुळे शिवारावर पडलं ७०० कोटी लिटर. यातलं बरंचसं ओढ्यानं जातं, त्याहून जास्त मातीतून आणि पिकातून हवेत जातं. खडकात मुरण्याचं प्रमाण थरागणिक बदलतं. भेगाळ खडकात ते १२-१३ टक्क्यांपर्यंत जातं, घट्ट पाषाणात दोन-तीन टक्क्यांवर येतं. सरासरी आठ टक्के धरले तर ५६ कोटी लिटर मुरलं. ते सगळं उपसायचं नसतं. भूजल मोजणीच्या सरकारी पद्धतीत वार्षिक भरणाच्या ७० टक्क्यांपर्यंतचा उपसाच सुरक्षित धरतात. म्हणजे हातात ३९ कोटी.

त्यातून माणशी रोज ५५ लिटरप्रमाणे दोन हजार लोकांचं वर्षाचं पाणी चार कोटी. आठशे जनावरांना रोज ४० लिटरप्रमाणे सव्वा कोटीच्या आत. उरले ३४ कोटी. पावसाचा हातभार वजा करून उसाला पाटपाण्यानं हेक्टरी दीड कोटी लिटर लागतं असं धरलं तर हे पाणी २२ ते २३ हेक्टर उसाला पुरतं. हजारातले तेवीस हेक्टर, बाकी शिवारभर एक चूळही नाही. तेच हरभऱ्याला ६० मिलिमीटरच्या दोन पाळ्या दिल्या तर हेक्टरी १२ लाख लिटर लागतं, आणि साधारण २८० हेक्टर भिजतं. हा नमुन्याचा हिशोब आहे. आपल्या गावाचे आकडे घालून बघावा. पण कोणत्याही गावात बसून केला तरी पहिल्यांदा माणसं तो पुन्हा तपासायला लावतात.

मोटेला जो लगाम होता

नुसता हिशोब पुरत नाही, कारण हा साठा एका जागी थांबत नाही. उपसा कमी-जास्त करणारे फेरे त्यात फिरत असतात. फेरे दोनच जातींचे. एक सावरता फेरा, जो गोष्टीला मूळ जागी आणू बघतो. दुसरा वाढता फेरा, जो झालेल्या बदलाला आणखी पुढे ढकलतो.

मोट होती तेव्हा पाणी जितकं खाली जाई तितकी बैलांची धाव लांबे. बैल थकत, दिवसाकाठी मोटा कमी निघत, उपसा आपोआप घटे, आणि पातळीला सावरायला वेळ मिळे. खोदलेल्या विहिरीलाही एक तळ असे. पाणी तळाच्या खाली गेलं की उपसा बंद. कुणी कायदा केला नव्हता, तरी लगाम होता. '७२ ला खायला नव्हतं, पण आडात पाणी होतं' असं जुनी माणसं सांगतात, त्याचं मोठं कारण हा लगाम.

विजेच्या मोटरीनं तो लगाम काढला आणि बोअरच्या गाडीनं त्याच्या जागी उलट फेरा बसवला. पातळी उतरली की शेतकरी आधी विहिरीच्या भिंतीत आडवे बोअर मारतो. मग शेजारचा शेतकरी २०० फुटांचा उभा बोअर घेतो. पहिल्याची विहीर उतरली म्हणून तो ४०० फुटांवर जातो. दोन इंची पाणी लागलं की आनंद, नुसता फुफाटा उडाला की कर्ज. कर्ज फेडायला नगदी पीक लागतं, नगदी पिकाला पाणी लागतं, पाण्याला पुन्हा बोअर. यात वेडेपणानं कुणी वागत नाही. प्रत्येकाचा निर्णय त्याच्या बांधावरून पाहिला तर रास्तच दिसतो. उसाचंही तसंच आहे. वाऱ्या-गारपिटीत तगून राहणारं, कारखाना घेणारच अशी खात्री असलेलं, ठरलेला दर मिळणारं दुसरं पीक दाखवा, मग ऊस लावणाऱ्याला बोला. उलट बाजूनं कारखान्याचीही भूक असते. रोज २,५०० टन गाळप, १६० दिवसांचा हंगाम, म्हणजे चार लाख टन ऊस. हेक्टरी ८० टनांनी पाच हजार हेक्टर. वरच्याच दरानं त्याला ७,५०० कोटी लिटर, म्हणजे अडीच टीएमसीहून (अब्ज घनफुटांहून) जास्त पाणी लागतं. कारखाना एकदा उभा राहिला की तो ऊस मागतो आणि ऊस असला की कारखान्याची क्षमता वाढवायची मागणी होते. हाही वाढता फेराच.

फेरा कागदावर कसा काढायचा ते सांगतो, कारण इथे बहुतेकांची गल्लत होते. ज्या गोष्टी कमी-जास्त होतात त्यांचीच नावं लिहा. 'पाणीपातळी', 'बोअरची खोली', 'उपसा' चालेल. 'शेतकऱ्यांची मानसिकता' चालणार नाही, ती मोजता येत नाही. एकाचा दुसऱ्यावर परिणाम होतो तिथे बाण काढा. पहिलं वाढल्यावर दुसरंही वाढत असेल तर बाणावर अधिक, दुसरं घटत असेल तर उणे. पातळी वाढली तर बोअरची खोली घटते, उणे. खोली वाढली तर उपसा वाढतो, अधिक. उपसा वाढला तर पातळी घटते, उणे. फेरा पुरा झाला, आता उणे मोजा. दोन आहेत. उणे सम असले, किंवा एकही नसला, तर फेरा वाढता. मोटेच्या फेऱ्यात पातळी वाढली की बैलांचे कष्ट घटतात, कष्ट वाढले की उपसा घटतो, उपसा वाढला की पातळी घटते. तीन उणे, विषम, म्हणून सावरता. जिथे परिणाम दिसायला वेळ लागतो त्या बाणावर दोन आडव्या रेघा मारा. या रेघा विसरल्या तर चित्र दिसायला बरोबर असतं आणि निर्णय चुकतो.

तुरीचं उदाहरण घ्या. २०१५ च्या शेवटी तूरडाळ किरकोळीत २०० रुपये किलोच्या आसपास गेली. भाव बघून २०१६ च्या खरिपात तूर भरपूर पेरली गेली, त्यात पाऊसही चांगला झाला. तुरीला साडेपाच-सहा महिने लागतात. माल २०१७ च्या सुरुवातीला एकदम बाजारात आला, भाव क्विंटलला ५,०५० रुपयांच्या हमीभावाखाली गेला आणि खरेदी केंद्रांपुढे ट्रॅक्टरच्या रांगा लागल्या. भाव हा इशारा खरा होता. पण तो वाचून केलेल्या कामाचं फळ यायला जो काळ लागतो, तेवढ्यात तोच इशारा वाचून सगळ्यांनी तेच केलं होतं. उशीर असलेल्या फेऱ्यात घाईनं आणि सगळ्यांनी मिळून हलवलेला काटा हमखास पलीकडे जातो.

डीपीवरचा गुंता

पाण्यात वर्षं लागतात, विजेत हाच खेळ दहा मिनिटांत दिसतो. ६३ केव्हीए क्षमतेच्या डीपीवर, म्हणजे शिवारातल्या ट्रान्सफॉर्मरवर, पाच एचपीच्या दहा-अकरा मोटरी नीट चालतात. त्यावर वीस असतात. व्होल्टेज पडतं. भार तोच ओढायचा असल्यानं कमी व्होल्टेजवर मोटर जास्त करंट घेते. जास्त करंटमुळे तारांत व्होल्टेज आणखी पडतं. वाइंडिंग तापतं, मोटर जळते, नाहीतर डीपी. त्यात प्रत्येकानं ऑटो बसवलेला. लाईट आली रे आली की वीसच्या वीस मोटरी एका क्षणी उठतात, आणि सुरू होताना मोटर नेहमीच्या पाच-सहापट करंट घेते. फ्यूज उडतो.

डीपी मोठी करा, ही मागणी रास्त आहे. पण डीपी मोठी झाली, व्होल्टेज सुधारलं, की आणखी मोटरी जोडल्या जातात आणि दोन वर्षांत परत तेच. त्याआधी करायच्या दोन स्वस्त गोष्टी आहेत. प्रत्येक मोटरीला योग्य मापाचा कपॅसिटर लावला तर डीपीवरचा करंट कमी होतो. आणि ऑटोला टायमर लावून एकेकानं अर्ध्या-अर्ध्या मिनिटाच्या अंतरानं मोटर उठवली तर सुरुवातीचा धक्का वाटला जातो. दोन्ही उपाय एकट्यानं केले तर जवळपास निरुपयोगी. कपॅसिटरचा खर्च माझा, व्होल्टेज सगळ्यांचं, म्हणून कुणी लावत नाही. डीपीवरच्या वीसही जणांनी एकाच आठवड्यात लावायचं ठरवलं तरच ते टिकतं. कळ इथे यंत्रात नसून ठरवण्यात आहे.

दुरुस्ती कुठे चुकते

शेततळं पाहू. वर ३० बाय ३० मीटर, तीन मीटर खोल, एकास एक उतार, तर त्यात २,१९६ घनमीटर, म्हणजे जवळजवळ २२ लाख लिटर मावतं. ओढ्याला वाहून जाणारं पावसाचं पाणी त्यात अडवलं तर ती खरी आवक आहे. पण प्लास्टिक अंथरून तेच तळं बोअरच्या पाण्यानं भरलं तर साठा वाढला नाही, फक्त सामाईक टाकीतून काढून खासगी टाकीत आणि उन्हात मांडला. वरचं क्षेत्र ९०० चौरस मीटर. उन्हाळ्यात रोज आठ मिलिमीटर बाष्पीभवन धरलं तरी दिवसाला ७,२०० लिटर हवेत जातात. खडकात असताना त्याला ऊन लागत नव्हतं. एकच वस्तू, भरायची दिशा बदलली की औषधाचं दुखणं होतं.

ठिबक तसंच. उसाला ठिबकवर ४० टक्क्यांच्या आसपास पाणी वाचतं. वाचलेलं पाणी खडकात राहिलं तर पातळी सावरते. पण जो शेतकरी एक एकर भिजवत होता तो आता पावणेदोन एकर भिजवतो, आणि उपसा जिथल्या तिथे राहतो. शिवाय पाटानं दिलेल्या पाण्यातलं थोडं परत मुरत होतं, तेही बंद होतं. कोळसा कमी खाणारी इंजिनं आली की कोळशाचा खप वाढतो, हे विल्यम स्टॅनली जेव्हन्स यांनी इंग्लंडमध्ये १८६५ सालीच दाखवलं होतं. म्हणून ठिबकाच्या बरोबर क्षेत्राचाही करार हवा. ठिबक नको असा याचा अर्थ कुणी काढू नये. शेतकऱ्याच्या पदरात जास्त पीक पडतं, ती मोठीच गोष्ट आहे. फक्त पातळी त्यानं आपोआप वर येणार नाही.

टँकरबद्दल थोडंच. तो आल्याशिवाय मे महिन्यात भागत नाही, आणि तो दरवर्षी येणार हे ठरलं की गावच्या विहिरीचा गाळ काढायचं काम मागे पडतं.

कळीची जागा, म्हणजे थोडं हलवलं तरी सगळी व्यवस्था बदलते ती जागा, शोधताना डोनेला मेडोज यांनी लावलेली उतरंड उपयोगी पडते. फॉरेस्टर यांच्याबरोबर काम केलेल्या या अभ्यासकांचं म्हणणं असं होतं की माणसं आकडे हलवण्यात सगळी ताकद घालवतात आणि तिथेच परिणाम सगळ्यात कमी होतो. त्याहून जास्त परिणाम माहिती कुणापर्यंत पोचते यात, त्याहून जास्त नियमांत, आणि त्याहूनही जास्त ही व्यवस्था कशासाठी चालवायची या हेतूत. आपल्याकडे २००९ च्या भूजल कायद्यात ६० मीटरपेक्षा खोल विहिरींवर बंधनं घातली आहेत. नियम आहे, पण माहिती नाही. बोअर किती फूट गेला हे गाडीवाला आणि मालक या दोघांनाच माहीत. ग्रामपंचायतीच्या भिंतीवर प्रत्येक नव्या बोअरची खोली आणि लागलेलं पाणी लिहिलं गेलं तर त्या नियमाला दात येतील.

हद्द कुठे आखायची हाही निर्णयच असतो, आणि तो चुकला तर सगळी मेहनत वाया जाते. विहिरीपुरती हद्द आखली तर शेजारी शत्रू दिसतो. ओढ्याच्या पाणलोटापुरती आखली तर तो भागीदार दिसतो. जायकवाडीचा विचार पैठणपासून सुरू केला तर काहीच कळत नाही, कारण नाथसागरात, म्हणजे जायकवाडीच्या जलाशयात, येणारं पाणी नाशिक-अहिल्यानगरच्या धरणांमागून येतं. त्यासाठी महाराष्ट्र जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाच्या २०१४ च्या आदेशानं खूणगाठ बांधली ती १५ ऑक्टोबरची. त्या दिवशी जायकवाडीत उपयुक्त साठा ६५ टक्क्यांपेक्षा कमी असेल तर वरून पाणी सोडायचं. त्यावरून तुटीच्या वर्षी भांडण होतं हे खरं, पण एक तारीख, एक मोजमाप आणि एक ठरलेली कृती, अशी ही नीट बांधलेली साखळी आहे. तारीख पाऊस संपताना आणि रब्बीच्या तोंडावर आहे, म्हणून तिला अर्थ आहे. दोन महिने उशिरा तेच मोजलं तर पाणी ऊस-कांद्यात गेलेलं असतं. वीजही याच हद्दीत येते. पाणी नाही म्हणून परळीचं औष्णिक वीज केंद्र २०१३ मध्ये बंद ठेवावं लागलं होतं.

गावपातळीवर हीच साखळी बांधायची तर ऑक्टोबरमध्ये, हरभरा-ज्वारीची पेरणी ठरायच्या आत. शिवाराच्या वरच्या, मधल्या आणि खालच्या भागातल्या मिळून सात-आठ विहिरी निवडा. कोरडी पडणारी एक तरी हवी, माणसं चांगल्या विहिरीच निवडतात आणि सरासरी फुगते. काठावर रंगाची एक खूण करा आणि दरवेळी तिथूनच पाण्यापर्यंत टेप सोडा. गावचा पर्जन्यमापक धरून वरच्यासारखा आवक-जावकीचा ताळेबंद मांडा. तूट निघाली तर ती किती एकर कोणत्या पिकाची आहे ते एकरात सांगा. कोटी लिटरमध्ये सांगितलेलं ग्रामसभेत कुणाच्या मनात राहत नाही. मग कोण किती क्षेत्र कमी करणार आणि त्याच्या बदल्यात त्याला काय मिळणार, हे त्याच बैठकीत ठरवा. उन्हाळ्यात संरक्षित पाण्याची एक पाळी, किंवा सामाईक विहिरीतला वाटा, असं काहीतरी हातात पडलं नाही तर क्षेत्र कमी होत नाही.

हे बहुतेक ठिकाणी दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी मोडतं, आणि मोडतं ते चांगल्या पावसाच्या वर्षी. विहिरी काठोकाठ भरल्या की मोजायचं कशाला असं वाटतं. त्याच वर्षी नवा ऊस लागतो, तो खोडव्यासकट पुढची दोन-तीन वर्षं रानात उभा राहतो, आणि पुढचा कमी पाऊस त्याच्यावर येऊन पडतो. म्हणून भरल्या विहिरीचा आकडा रिकाम्या विहिरीइतकाच जपून लिहायचा. भूजल सर्वेक्षण यंत्रणा निरीक्षण विहिरी जानेवारी, मार्च, मे आणि ऑक्टोबरमध्ये मोजते. तेच महिने धरा, म्हणजे आपले आकडे त्यांच्याशी ताडता येतात. मोजायच्या आदल्या रात्री त्या विहिरीवरची आणि लगतच्या बोअरवरची मोटर बारा तास बंद ठेवायला सांगा, ऑटो काढून.